पंधरा अंश

आमच्या घरात वडिलांपेक्षा शनीचा दरारा जास्त. वडील नुसते ओरडतात, शनी करून दाखवतो, असं आई म्हणायची. बी.एस्सी.च्या शेवटच्या वर्षाला मी नापास झाले तेव्हा घरातल्या एकानंही मला विचारलं नाही, की बाई, पुस्तक उघडलं होतंस का? उघडलं नव्हतं, हे आज सत्तरी ओलांडल्यावर कबूल करायला हरकत नाही. आता मला कोण मारतंय! पण त्या वेळी आई तडक गुलमंडीमागच्या जोशीबुवांकडं गेली आणि माझी साडेसाती शोधून घेऊन आली. वडिलांनी कपाळाला हात लावला. निजामाच्या राजवटीत तहसिलीतलं दप्तर उर्दूतून लिहिलेला माणूस. पोलीस ॲक्शननंतर भरल्या वयात मराठी खर्डे गिरवायला बसावं लागलं होतं, त्यामुळं नशिबाबद्दल त्यांची मतं कडक होती. "पोरीला अजून एक साल देतो," ते म्हणाले. "पास झाली तर ठीक, नाय तर सोयगावचं स्थळ पक्कं करायचं. मग शनी असो नाय तर मंगळ." सोयगावचं स्थळ म्हणजे कापसाच्या बाजारातला एक अडत्या. त्याचा फोटो आईनं देव्हाऱ्याशेजारी ठेवला होता, त्यामुळं देवाला नमस्कार करायचीही मला चोरी झाली होती.

जोशीबुवांचा उपाय असा: काळ्या घोड्याच्या झिजलेल्या नालेची अंगठी, उजव्या हाताच्या मधल्या बोटात, शनिवारी घालायची आणि निकाल लागेस्तोवर काढायची नाही. आता काळा घोडा आणायचा कुठून? तर शमीमकडून. शमीम माझ्या नव्या वर्गातली मैत्रीण. वर्गात मुली आम्ही दोघीच. तिचे अब्बा छावणीत टांगा चालवायचे आणि त्यांचा बादशा नावाचा घोडा कोळशासारखा काळा होता. आईला मागायची लाज वाटत होती. शमीमनं मात्र नुसती कुणकुण लागताच वर्तमानपत्रात गुंडाळलेली नाल आणून चुलीशेजारी ठेवली. "लो खाला, बादशाच्या पुढच्या पायाची हाय. अब्बा म्हणले, कुसुम पास झाली की बादशाला गूळ पायजे." आई इतकी हरखली की तिला येसराची आमटी आणि गरम भाकरी खाऊ घातल्याशिवाय तिनं सोडलंच नाही. ज्वारीची भाकरी थापण्याचा आवाज, चुलीतल्या तुरकाट्यांचा धूर आणि शमीमचं बोटं चाटत "और थोडा खाला" म्हणणं, हे सगळं मला अजून जसंच्या तसं आठवतं. लोहाराकडून अंगठी घडवून आली, चांगली जाडजूड. आईनं ती माझ्या बोटात सारली, माझा हात स्वतःच्या डोक्यावर ठेवला आणि म्हणाली, "माझी शपथ हाय कुसे. काढलीस तर माझं मेलेलं तोंड बघशील."

भूगर्भशास्त्र मी घेतलं ते दुसरीकडं जागा नव्हती म्हणून. पण वैद्य सरांनी मला त्यात ओढलं. साठीकडं झुकलेला, जाड भिंगाचा, तोंडानं फटकळ माणूस. जमिनीखालचं कवच हे तुकड्यातुकड्यांचं आहे आणि ते तुकडे सरकतात, ही गोष्ट तेव्हा आमच्या पुस्तकांत धड छापूनही आलेली नव्हती. सर ती बाहेरून मागवलेल्या कागदांवरून शिकवायचे. दुधावरची साय फुंकर मारली की सरकते आणि भांड्याच्या काठाशी सुरकुतते, तसा आपला सगळा देश दक्षिणेकडून सरकत आला आणि धडकला तिथं हिमालय उभा राहिला, असं त्यांनी सांगितलं तेव्हा माझ्या अंगावर काटा आला होता. पुरावा काय, म्हणून एका मुलानं विचारलं. सरांनी टेबलावरचा आपला साधा काळा पाषाण उचलला. "हा. हा लाव्हा होता. थंड होताना ह्याच्यातल्या लोखंडाच्या कणांनी त्या वेळची उत्तर दिशा धरून ठेवली. आज तो जे सांगतो ते इथल्या उत्तरेशी जुळत नाही. दगड खोटं बोलत नाही. माणूस बोलतो." मी घरी येऊन हे सांगितलं तर वडील म्हणाले, "जमीन सरकायला कोटी कोटी वर्षं लागली व्हय? आमचं आख्खं सरकार पाच दिवसांत सरकलं." आणि सुपारी कातरायला लागले.

दुसरा विषय होता खडकांच्या रचनेचा. सर एक दगडी पाटी तिरकी धरायचे आणि तांब्यातलं पाणी वर ओतायचे. पाणी जिकडं धावेल तिकडं त्या थराचा उतार, त्याला डिप म्हणायचं. त्या उतारावर अगदी आडवी, पाण्याच्या पातळीसारखी रेघ काढली, तर ती रेघ उत्तरेपासून किती वळली आहे तो स्ट्राइक. एवढंच शास्त्र, पण हे दोन आकडे अचूक आले की जमिनीच्या पोटात काय दडलंय ते वरून सांगता येतं, आणि चुकले की सगळंच चुकतं. आमच्याकडचे थर भाकरीच्या चळतीसारखे आडवे. घड्या पडलेले खडक बघायचे तर राजस्थानात जावं लागे, आणि त्या सहलीला आम्हा दोघींना घरून परवानगी नव्हती. म्हणून आमचे फील्डचे सगळे गुण एका खाणीवर अवलंबून होते. करमाडच्या अलीकडं, जालना रोडपासून आत, काळ्या दगडाची ती खाण होती, सरांनी त्या वर्षी नव्यानं निवडलेली. तिथल्या कड्यात उभ्या भेगा होत्या, एकाच दिशेनं गेलेल्या. त्या भेगांची दिशा मोजायची, प्रत्येक जोडीनं एकशेवीस वेळा. एकानं कंपास धरायचा, दुसऱ्यानं वहीत लिहायचं. ती वही सरांनी नाकारली तर प्रॅक्टिकलला बसता येत नसे आणि वर्ष गेलंच म्हणून समजा.

कॉलेजातून कंपास माझ्या सहीवर मिळालेला, म्हणून धरायचा मी. लिहायचं शमीमनं, तिचं अक्षर मोत्यासारखं होतं आणि तिला त्याचा भारी अभिमान. पहिल्याच दिवशी सरांनी दम भरला होता, "हातोडा, किल्ल्या, घड्याळ, जे जे लोखंडाचं असेल ते दहा पावलं लांब. सुई भुलते. कंपासजवळ लोखंड सापडलं तर मी त्याला पुढच्या वर्षी परत शिकवीन." शमीमनं तर केसांतल्या पिनासुद्धा काढून रुमालात बांधल्या आणि दूर दगडावर ठेवल्या. मी हातोडा ठेवला, पिशवी ठेवली, चपलांना खिळे होते म्हणून चपलाही काढल्या आणि तापल्या दगडावर अनवाणी नाचले. अंगठी माझ्या मनातच आली नाही. लोक हसतात मी हे सांगितलं की. पण खरं सांगते, ती अंगठी माझ्या लेखी लोखंड नव्हतीच, शनी होती. देवघरातल्या समईला कुणी पितळ म्हणून बघतं का? तसंच ते. कंपास उजव्या तळव्यावर आणि शनिमहाराज बरोबर सुईच्या खाली, असे आम्ही महिनाभर दर रविवारी ऊन खात हिंडलो. सुरुंगाची शिट्टी झाली की कड्याच्या आडोशाला पळायचं, धूळ बसली की परत भेगेशी. मी ओरडायची, "चाळीस!" शमीम म्हणायची, "चाळीस, लिहिलं."

शमीमसाठी ते वर्ष म्हणजे शेवटची गाडी होती. तिचं जालन्याला ठरलेलं होतं. मुलाकडचे परीक्षेपर्यंत थांबायला कबूल होते, त्यापुढं एक दिवस नाही. डिग्री घेऊन आली तर शाळेत शिकवायला जाऊ देऊ, असा शब्द होणाऱ्या सासऱ्यानं अब्बांना दिला होता. डिग्री नसेल तर मग घर आणि चूल. मला निदान सोयगावचा अडत्या नाकारायची भांडणं करता आली असती. तिला तेवढीही सोय नव्हती.

वह्या दिल्यानंतरच्या शनिवारी सरांनी आम्हाला बोलावलं. भिंतीवर मोठा कागद लावला होता आणि प्रत्येक जोडीच्या आकड्यांची दिशा त्यावर पेन्सिलीनं आखली होती. सहा जोड्यांच्या रेघा एका जुडीत, उत्तरेपासून पूर्वेला पंचवीस अंशांवर. आमची एकटीच बाजूला, चाळीसवर. मी म्हटलं, "सर, खडकातच लोखंड आहे, त्यानं सुई ओढली असेल." सर म्हणाले, "सहा जोड्यांची नाही ओढली, तुमचीच बरी ओढली?" मग त्यांनी आमची वही उघडून टेबलावर टाकली. "आणि ही बघा. घामाचा एक डाग नाही, मातीचं बोट नाही. असली वही खाणीत लिहिता येते? ही घरी, पंख्याखाली बसून लिहिलेली वही आहे. एक आकडा ठरवायचा आणि त्याच्या आगेमागे भरत जायचं." शमीमचा चेहरा पांढरा फटक पडला. ती दर वेळी ओढणीनं हात पुसून लिहायची, हे मला ठाऊक होतं. सरांनी तिला बाहेर उभं केलं आणि मला एकटीला विचारलं, "अक्षर तिचं आहे. तिनं घरी लिहिली असेल तर सांग. तुझं एक वर्ष आधीच गेलंय. तुझं मी वाचवू शकतो." मी "नाही सर" म्हटलं. पण कसं म्हटलं ते मला माहीत आहे. खालमानेनं, पुटपुटत, ऐकणाऱ्याला संशय यावा असं. सर म्हणाले, "सोमवारी दोघी खाणीवर या. माझ्यासमोर मोजा."

रविवारी सकाळी मी कंपास ओट्यावर ठेवून बसले होते. घरात कुणाशी बोलायची सोय नव्हती. आईनं कांदे चिरायला लावले. विळीवरून हात काढून मी कांद्याच्या फोडी भरायला परडी ओढली आणि बाजूच्या कंपासची सुई हलली. मला वाटलं विळी असेल. विळी लांब नेऊन ठेवली. परत हात नेला. सुई परत वळली. हात मागं घेतला, सुई जागेवर. मग मी कंपास तळव्यावर घेतला, खाणीत धरायची तसाच, आणि दाराच्या चौकटीला लावून आकडा बघितला. मग डाव्या हातात घेऊन बघितला. फरक पंधरा अंशांचा. कांद्यानं डोळ्यात आधीच पाणी होतं, त्यामुळं मी रडतेय हे आईला कळलं नाही.

आता म्हणाल, मग सांगायचं की! कुणाला सांगू? आईला सांगितलं तर शपथ. आणि सरांना सांगितलं तर चूक नुसती माझी, एकटीची. लोखंडाबद्दल त्यांनी पहिल्याच दिवशी बजावलं होतं, परत पुढच्या वर्षी, म्हणजे थेट सोयगाव. न सांगितलं तर निदान संशय दोघींवर वाटला जात होता, आणि त्यातला मोठा वाटा शमीमवर. हा हिशेब मी मनात केला, हे मी लिहून ठेवते आहे. पुढचं तर ह्याहून वाईट आहे.

दुपारी शमीम आली. तिनं घरी काही सांगितलं नव्हतं. अब्बा आजारी पडतील म्हणाली. आईनं ताक दिलं, ते तिनं हातात धरूनच ठेवलं. आई आत गेल्यावर हळूच म्हणाली, "कुसुम, मला एक खरं सांग. तू चाळीसच म्हणत होतीस ना? का पंचवीस म्हणत होतीस आणि मी चाळीस लिहीत गेले? मशीनचा आवाज लई असतो ना तिथं." मी तिच्याकडं बघितलं. अंगठीचा हात मी मांडीखाली घेतला होता. तोंडातून निघून गेलं, "काय माहीत बाई. चुकलंही असेल." तिनं मान हलवली. "हौ. मेरीच गलती होगी," म्हणाली आणि ताक तसंच ठेवून उठली. एवढ्या वर्षांत मी लोकांना पुष्कळ लागेल असं बोलले आहे, माझी जीभच तशी आहे. पण त्या पाच शब्दांइतकं घाण मी कधी बोलले नाही.

सोमवारी करमाडच्या फाट्यावर एस.टी.तून उतरलो. सर पुढं, आम्ही दोघी मागं. कड्याशी गेल्यावर सरांनी कंपास माझ्याकडून घेतला आणि शमीमला दिला. पहिली भेग: पंचवीस. दुसरी: चोवीस. तिसरी: सव्वीस. सर म्हणाले, "मग चाळीस आलं कुठून?" मी अंगठीचा हात पाठीमागं घेतला. शमीमनं कंपास खाली केला आणि मान खाली घालून म्हणाली, "सर, कुसुम बरोबर सांगत होती. माझ्या लिहिण्यात चूक झाली. तिला बसू द्या परीक्षेला." सरांनी वही उघडली आणि खिशातून लाल शाईचं पेन काढलं. टोपण फिरवून उघडलं. पहिल्या पानावर आडवी रेघ मारायला ते पेन टेकवतच होते.

"थांबा सर!" मी इतक्या जोरात ओरडले की खाणीतले दोन कामगार वळून बघायला लागले. मी शमीमच्या हातातून कंपास हिसकावला, उजव्या तळव्यावर धरला, भेगेला लावला. "चाळीस. बघा. तुम्ही स्वतः वाचा." सरांनी भिंगं नाकावर सरकवून वाचलं. चाळीस. मग मी अंगठी काढायला गेले तर ती निघेना. उन्हानं बोट सुजलेलं, सांध्यापाशी अंगठी घट्ट अडकलेली. मी ओढते, पिरगाळते, थुंकी लावते, बोट लालभडक झालं, पण शनी काही हलत नव्हता. सर घड्याळ नसलेल्या मनगटाकडं उगीच बघत उभे. शमीमनं माझ्याकडं एकदा बघितलं, अंगठीकडं बघितलं, आणि माझा डबा उघडला. शेंगदाण्याच्या चटणीवर आईनं तेल घातलं होतं. ते तिनं माझ्या बोटाला चोळलं, तिखटासकट, आणि दात आवळून अंगठी खेचली. कातडं सोलत ती निघाली. मी तेलकट हात परकराला पुसला, कंपास धरला. पंचवीस.

सरांनी अंगठी घेतली, कंपासखाली धरली, काढली, परत धरली. असं चार-पाच वेळा केलं. मग म्हणाले, "दगडातलं लोखंड मी तुला वर्षभर शिकवलं, आणि तू बोटात घालून आलीस." ते हसले नाहीत. त्यांनी शमीमच्या वहीवर सही केली आणि खाली लिहिलं की प्रत्येक आकड्यातून पंधरा वजा करावेत. "जे ऐकलं ते हिनं लिहिलं. हिची वही खरी आहे." मला म्हणाले, "तू एकटी येऊन एकशेवीसच्या एकशेवीस परत मोजायच्या. शुक्रवारच्या आत. आणि फील्डचे गुण निम्मे. बस परीक्षेला." मला वाटलं होतं मी रडेन, पण नुसती बोटाची आग होत होती.

परत येताना सर ड्रायव्हरमागच्या बाकावर बसले, आम्ही मागं. शेंद्रा गेल्यावर शमीमनं खिडकीतून बाहेर बघत विचारलं, "कब समझा तुझे?" आत्ताच, असं म्हणायला काय लागत होतं? पण माझ्यात तेवढीही ताकद राहिली नव्हती. "काल सकाळी," मी म्हणाले. तिनं खिडकीची काच ओढून घेतली. मग म्हणाली, "मी घरी जाऊन ती पूर्ण वही परत बघितली. एक एक आकडा आठवत बसले. मेरेको लगा मेरा दिमाग फिर गया." मी म्हटलं, "शमीम, माफ कर ग." ती म्हणाली, "किया ना. तू बोली आखिर में, वोच बहुत है." आणि ओढणी नीट करून बसली. घरी आईनं माझं सोललेलं बोट बघितलं, पुढं केलेली अंगठी घेतली आणि देवासमोर ठेवून दिली. जेवायला वाढताना तेवढं म्हणाली, "मी जित्ती हाय, बघून घे."

प्रॅक्टिकलच्या दिवशी बाहेरगावचे परीक्षक आले होते. हॉलमध्ये लाकडी फळ्या तिरक्या बांधून ठेवल्या होत्या, त्यांचा स्ट्राइक आणि डिप काढायचा, त्याच जोड्यांनी. शमीमनं मला बघून नेहमीसारखं हसून जागा दिली, माझ्या बोटाचं कसं आहे ते विचारलं, पेन्सिलीला टोक करून दिलं. तसं कधी काही बिनसलं नाही आमचं. पुढं दोघी पास झालो, ती जालन्याच्या शाळेत शिकवायला लागली, ईदला तिच्या घरून डबा यायचा, तिच्या मुलांना मी मावशी होते. त्या दिवशी मी कंपास धरला. हातात काही नव्हतं, बांगड्यासुद्धा नाहीत. फळीला लावला, सुई थांबू दिली, दोनदा वाचून खात्री केली आणि म्हणाले, "पासष्ट." शमीमची पेन्सिल कागदावर टेकलेली होती, पण ती हलली नाही. तिनं डावा हात माझ्यापुढं पसरला आणि अगदी मऊ आवाजात म्हणाली, "दे इकडं. मी बघते."